उसवण

उसवण : सातघडी या काल्पनिक जगातील कुसळीच्या पठारावर असलेली वास्तवाची चीर. पोथ्यांत तिला 'महाविदर' असे भारदस्त नाव आहे, पण बोलताना पोथीवालेही 'उसवण'च म्हणतात, आणि तिचा स्वभाव या नावात नेमका आला आहे. ती जाळत नाही, गिळत नाही. ती जोड सोडवते. दोन गोष्टी ज्याने एकमेकींना धरून असतात, ते धरणेच तिच्या आसपास ढिले पडत जाते.

पहिल्यांदा पाहणाऱ्याची बहुधा निराशा होते. काळे विवर नाही, निळ्या ज्वाळा नाहीत. दीड पुरुष उंचीची एक उभी रेघ, बस्स. फाटलेले पान घाईत चिकटवले की ओळी जशा खालीवर बसतात, तसा रेघेच्या डावीकडचा डोंगर उजवीकडच्याशी जुळत नाही. पावसात ती अधिक ठळक दिसते. रेघेच्या पायथ्याशी थेंब पडताना दिसतात, पण माती भिजत नाही. थेंब आणि ओल यांची तिथे फारकत झालेली आहे.

सातघडीच्या लोकांच्या समजुतीप्रमाणे जग हे सात घड्यांचे वस्त्र, आणि जादू म्हणजे त्यावर घातलेला टाका. मिठागर बंदर आणि तांबखाण यांच्यात ११ दिवसांची वाट होती. घडीकारांनी जमिनीला चुणी घातली, दोन्ही टोके टाक्याने जवळ आणली, आणि पहाटे बंदरातून निघालेल्या मिठाच्या गोण्या न्याहारीच्या वेळी खाणीवर उतरू लागल्या. हीच पहिली घडीवाट. टाक्याची गाठ मात्र मधल्या पठारावर मारली गेली, कारण ती आपल्या दारात ना बंदरवाल्यांना हवी होती, ना खाणवाल्यांना. पठारावरच्या धनगरांना कोणी विचारले नाही. व्यापार वाढला तसा त्याच गाठीशेजारी दुसरा टाका पडला, मग तिसरा. ओढलेले कापड टाक्यापाशीच फाटते हे कुठलाही शिंपी सांगू शकला असता. पण शिंप्यालाही कोणी विचारले नाही.

उसवणीचा परिणाम अंतरानुसार बदलतो. काठकर, म्हणजे तिच्यावर पहारा ठेवणारे लोक, त्याला कडी म्हणतात. बाहेरच्या कडीत फक्त वस्तूंवर परिणाम होतो : गाठी सुटतात, दूध नासते, वहाणेचा तळ गळून पडतो, भिंतीतला चुना दगड सोडतो. मधल्या कडीत हाक मारली तर ओठ हलून गेल्यावर बऱ्याच वेळाने आवाज येतो, तोही भलत्याच बाजूने. सावली अंगाबरोबर वळत नाही. पठारावर एका खडकावर वाकलेल्या माणसाची सावली अजून आहे. माणूस केव्हाच उठून गेला. दुपारी सगळ्या सावल्या आखडतात, ही तेवढीच राहते. तिच्यावर पाय द्यायचा नाही असा रिवाज आहे.

आतली कडी सर्वांत वाईट, कारण तिथे दुखत नाही. तिथून परतलेल्याला आईचा चेहरा आठवतो, 'आई' हा शब्दही आठवतो, पण हा चेहरा त्या शब्दाचा आहे हे त्याला कळत नाही. भूक लागते, समोर भाकरी असते, आणि या दोहोंचा काही संबंध असावा असे त्याला वाटतच नाही. अशी माणसे भरल्या ताटासमोर खंगतात. उसवणीतून राक्षस बाहेर पडतात, या बाजारगप्पांना म्हणूनच अर्थ नाही. राक्षस परवडला असता. त्याला निदान दाराला अडसर घालून थोपवता येते.

तिच्याजवळ जे एकसंध आहे तेवढेच टिकते, आणि काठकरांचा सारा संसार या एका नियमावर बेतलेला आहे. अंगावर न शिवलेले वस्त्र, पाय अनवाणी, भांडी एकाच लाकडातून कोरलेली. कुंपणाची भिंत चुन्याशिवाय, नुसत्या वजनावर रचलेली; जिथे जोडच नाही तिथे सुटणार काय? कडीच्या सीमेवर ३० गाठींचा दोर ताणून बांधलेला असतो. उसवणीकडच्या टोकापासून गाठी मोजतात. पहाटे पहिली गाठ ढिली सापडली तर त्या दिवशी भिंत दोन हात मागे घेतात. भिंत पुढे सरकवल्याची आठवण कोणाला नाही.

तिला शिवून टाकावे की नाही हा वाद जुना आहे. शिवणपंथी म्हणतात, मोठा टाका घातला की संपले. पण शिवण्याचे प्रयत्न झाले त्या प्रत्येक वेळी नव्या टाक्याने कापड आणखी ओढले गेले आणि चीर वरच्या टोकाला लांबली. सोडपंथी उलट सांगतात : जुने टाके उसवा, ताण जाईल, फाटलेल्या कडा आपोआप जवळ येतील. युक्तिवाद त्यांचा सरस आहे. अडचण इतकीच की त्यासाठी घडीवाटा बंद कराव्या लागतील आणि मीठ पुन्हा ११ दिवसांनी पोचेल. बंदर आणि खाण या दोन्ही ठिकाणच्या सभांत हा विषय निघतो, आणि दर वेळी मिठाच्या भावापाशी येऊन थांबतो.

तोवर पहारा चालू आहे. पाळी बदलताना नवा काठकर जुन्याला जमिनीकडे बोट दाखवून विचारतो, "ही सावली कोणाची?" "माझी" हे उत्तर पटकन यावे लागते. जो आधी खाली वाकून पाहतो, त्याला काही न बोलता हाताला धरून पठाराखाली नेतात.