गिरी आणि निंजो (जपानी मूकपटांतील)

कर्तव्य आणि प्रेम यांचे जपानी नाट्यपरंपरेतून मूकपटांत उतरलेले द्वंद्व. गिरी म्हणजे नाते, हुद्दा किंवा कुणाचे उपकार यांमुळे अंगावर येणारे कर्तव्य. निंजो म्हणजे माणसाच्या मनाची स्वाभाविक माया. गिरीत धाक असतो, तशी उपकारांची जाणही असते. ही दुसरी बाजू नजरेआड केली, तर हे चित्रपट नुसते रडके वाटतात.

चिकामात्सू मोंझाएमोन (१६५३–१७२५) याने बाहुलीनाट्यासाठी लिहिलेल्या, प्रेमी युगुलांच्या आत्महत्येवरील नाटकांनी या द्वंद्वाला घाट दिला. काबुकी (पारंपरिक जपानी नाट्यप्रकार) आणि शिंपा (एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस उदयास आलेली भावनाप्रधान नाटके) या रंगभूमींवरून ते पडद्यावर आले. मूकपट तिथे खऱ्या अर्थाने मुका नव्हता: पडद्याशेजारून बेन्शी, म्हणजे चित्रपटाचा निवेदक, सगळ्या पात्रांचे संवाद बोलत असे. गिरीने तोंड बांधलेल्या माणसाच्या मनातले बोलायला असा आवाज हाताशी असणे फार मोलाचे होते.

तलवारपटांत हा पेच बहुधा सामुराईच्या वाट्याला येई. दिग्दर्शक फुतागावा बुंतारो याच्या ‘ओरोची’त (१९२५) सरळ मनाचा सामुराई गैरसमजांमुळे बहिष्कृत होतो आणि अखेर आपल्या जुन्या प्रेमपात्राला वाचवण्यासाठी एकटा जमावाशी लढतो.

पण हे द्वंद्व सर्वांत खोल उतरले आहे ते दिग्दर्शक मिझोगुची केंजी याच्या ‘ताकी नो शिराइतो’मध्ये (१९३३). लेखक इझुमी क्योका याच्या १८९४ च्या कथेवर तो आधारलेला आहे. इरिए ताकाकोने रंगवलेली नायिका जत्रेत पाण्याचे खेळ करते. पंख्याच्या टोकातून पाण्याची बारीक धार उडते आणि लोक हरखतात. एका गरीब गाडीवानावर तिचे मन जडते. त्याने कायदा शिकावा म्हणून ती तोक्योला पैसे पाठवत राहते. हिवाळ्यात पाण्याच्या खेळाला गिऱ्हाईक नसते, कर्ज वाढते, आणि त्याच्या शिक्षणासाठी उचललेले पैसे लुटले गेल्यावर तिच्या हातून सावकाराचा खून होतो. न्यायालयात समोर सरकारी वकील म्हणून तोच उभा असतो. तिच्याच पैशाने मिळालेले पद तिच्याविरुद्ध उभे राहते; त्याने ते चोख निभावावे अशी तिचीच इच्छा असते. येथे गिरी आणि निंजो वेगळे काढताच येत नाहीत. शेवटी दोघेही जीव देतात.

युद्धापूर्वीचे बहुतेक जपानी मूकपट नष्ट झाले, हा टिकला. मात्सुदा शुन्सुई या बेन्शीच्या निवेदनासह तो पाहून सावातो मिदोरी त्यांच्या शिष्या झाल्या आणि पुढे स्वतः नामवंत बेन्शी बनल्या.