बागानला कप कोरोनानं दिला नाही
कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमच्या गॅलरीत अजून कोण ना कोण म्हणतंयच, २०१९-२० ची आय-लीग, म्हणजे देशातली फुटबॉल लीग, कोरोनामुळं अर्धवट राहिली म्हणून कोलकात्याच्या मोहन बागानला कप फुकट मिळाला. भावांनो, तारीख बघा की जरा! १० मार्च २०२० ला कल्याणीत बागाननं आयझॉलला १-० हरवलं, ८० व्या मिनिटाला बाबा दियावाराचा गोल, १६ मॅचमध्ये ३९ पॉइंट झाले आणि चार मॅच बाकी असतानाच कप पक्का झाला, कुणी गाठूच शकत नव्हतं. लीग थांबली ती त्यानंतर. एप्रिलमध्ये फुटबॉल फेडरेशननं उरलेल्या २८ मॅच रद्द करून बागानला चॅम्पियन जाहीर केलं, लोकांच्या डोक्यात तेवढंच बसलं. रेलिगेशनही, म्हणजे तळातल्या टीमला खालच्या लीगमध्ये टाकणं, रद्द झालं, म्हणजे फायदा झालाच तर तळातल्यांना.