आधी चीफ कॉन्स्टेबलच्या हाताखाली, मग त्याच्या वर : डरहमच्या रॉन हॉग यांची कारकीर्द

इंग्लंडमधल्या ‘पोलीस अँड क्राइम कमिशनर’चं भाषांतर ‘पोलीस आयुक्त’ असं केलं की घोटाळा तिथेच सुरू होतो. मुंबई-पुण्याचा आयुक्त म्हणजे वर्दीतला आयपीएस अधिकारी. तिकडचा कमिशनर मतं मागून निवडून येतो. त्याला वर्दी नसते आणि अटक करण्याचा अधिकारही नसतो. दल चालवतो तो चीफ कॉन्स्टेबल, म्हणजे त्या दलाचा वर्दीतला प्रमुख. ईशान्य इंग्लंडमधल्या डरहमचे रॉन हॉग हे असेच निवडून आलेले कमिशनर. (आपल्याकडे पहिल्या पायरीवरच्या शिपायाला जो शब्द, तोच तिकडे सर्वात वरच्या हुद्द्यात.)

हे पद 2011 च्या कायद्याने आलं. त्याआधी प्रत्येक दलावर पोलीस प्राधिकरण असे: बहुतेक ठिकाणी 17 सदस्य, त्यांपैकी 9 नगरसेवक. त्यांची नावं सामान्य माणसाला माहीत नसत, ही तेव्हाच्या सरकारची मुख्य तक्रार. म्हणून समितीऐवजी लोकांनी निवडलेला एक माणूस आणला. 15 नोव्हेंबर 2012 ला इंग्लंड आणि वेल्समधल्या 41 विभागांत मतदान झालं आणि जेमतेम 15 टक्के लोक बाहेर पडले. न्यूपोर्टच्या एका मतदान केंद्रावर तर दिवसभरात एकही मत पडलं नाही. अंधाऱ्या, थंड नोव्हेंबरात निवडणूक ठेवण्याचं हे फळ. पुढच्या फेऱ्या मे महिन्यात घेतल्या गेल्या.

उमेदवारीच्या अटी कडक होत्या. 5,000 पौंड अनामत, विभागातल्या 100 मतदारांच्या सह्या, आणि नोकरीत असलेल्या पोलिसाला मनाई. सगळ्यात जाचक अट शिक्षेची. ज्या गुन्ह्याला कैद होऊ शकते अशा गुन्ह्यात कधीही दोषी ठरलेला माणूस अपात्र, मग प्रत्यक्षात नुसता दंड झालेला असो किंवा तो तेव्हा अल्पवयीन असो. खासदारकीलाही इतकी कडक अट नाही. 2021 मध्ये विल्टशायरचा विजेता जुन्या मद्यपी ड्रायव्हिंगच्या शिक्षेमुळे पदावर बसू शकला नाही आणि सगळी निवडणूक पुन्हा घ्यावी लागली. मतदानाचा हक्क मात्र सढळ आहे: ब्रिटनमध्ये कायदेशीर राहणाऱ्या राष्ट्रकुलातल्या नागरिकांनाही तो मिळतो. म्हणजे भारतीय पासपोर्टवर तिथे राहणारा मराठी माणूसही नाव नोंदवून मत देऊ शकतो.

रॉन हॉग हे मूळचे स्कॉटिश. पोलिसात सुमारे 30 वर्षं काढली: नॉर्थम्ब्रियात सुरुवात, डरहमला असिस्टंट चीफ कॉन्स्टेबल, मग क्लीव्हलँडला डेप्युटी चीफ कॉन्स्टेबल. फुटबॉल सामन्यांच्या बंदोबस्ताची देशपातळीवरची जबाबदारीही त्यांच्याकडे होती. 2008 ला निवृत्त झाले आणि 2012 ला मजूर पक्षातर्फे डरहमचे कमिशनर म्हणून निवडून आले. 2016 ला पुन्हा.

निवृत्त अधिकाऱ्याची गोची इथून पुढे सुरू होते. आयुष्यभर हुकूम दिलेला माणूस अशा खुर्चीत बसतो जिथे हुकूम देताच येत नाही. कोणाला पकडायचं, कुठल्या गुन्ह्याचा तपास करायचा, गस्त कुठे घालायची, हे चीफ कॉन्स्टेबल ठरवतो. कमिशनरच्या हातात तीनच गोष्टी: पोलीस आराखडा (म्हणजे दलाने कशाला प्राधान्य द्यायचं ते), पैसा आणि चीफ कॉन्स्टेबलची नेमणूक व बडतर्फी.

त्यातला पैसा दिसतो तितका मोकळा नाही. कौन्सिल टॅक्समधला (तिकडच्या स्थानिक घरपट्टीतला) पोलिसांचा वाटा किती, हा प्रस्ताव कमिशनर 1 फेब्रुवारीपर्यंत पॅनेलपुढे, म्हणजे त्याच्यावर नजर ठेवणाऱ्या, मुख्यतः नगरसेवकांच्या समितीपुढे, ठेवतो. पॅनेल दोन तृतीयांश मतांनी तो एकदा फेटाळू शकतं. सुधारित प्रस्ताव मात्र फेटाळता येत नाही. आणि सार्वमत न घेता किती वाढवायचं, याची मर्यादा लंडनहून येते: 2018-19 ला बँड डी (मधल्या किमतीच्या गटातल्या) घरामागे वर्षाला 12 पौंड, पुढच्या वर्षी 24.

बडतर्फीत तर भल्याभल्यांचे हात पोळले. कारणं लेखी द्यायची, पोलीस दलांची तपासणी करणाऱ्या सरकारी निरीक्षकांचं मत घ्यायचं, पॅनेलची सुनावणी होऊ द्यायची, एवढं सगळं करूनही साउथ यॉर्कशायरच्या कमिशनरने चीफ कॉन्स्टेबलवर केलेली कारवाई 2017 ला उच्च न्यायालयाने बेकायदा ठरवली. लिंकनशायरमधलं निलंबन 2013 लाच रद्द झालं होतं. हे दोन्ही कमिशनर पोलीस खात्यातले नव्हते.

हॉग यांनी चीफ कॉन्स्टेबल माइक बार्टन यांच्याशी जुळवून घेतलं आणि आराखडा व पैसा या दोन वाटांनीच काम केलं. 2015 ला सुरू झालेली ‘चेकपॉइंट’ योजना त्याचा नमुना. किरकोळ गुन्ह्यातल्या आरोपीला खटल्याऐवजी चार महिन्यांचा करार दिला जाई. या काळात पुन्हा गुन्हा करायचा नाही, व्यसन किंवा मानसिक त्रासावर उपचार घ्यायचे, जमल्यास पीडिताशी समेटाला बसायचं, आणि 18 ते 36 तास समाजकाम करायचं किंवा जीपीएस पट्टा बांधायचा. करार मोडला की खटला. बलात्कार, दरोडा, खून यांना ही सवलत नव्हती. केंब्रिज विद्यापीठाच्या मदतीने तिची पाहणीही झाली.

त्याच वर्षी जुलैत, स्वतःपुरता गांजा लावणाऱ्यांच्या मागे धावणं हे डरहम पोलिसांचं प्राधान्य नसेल, असं हॉग यांनी जाहीर केलं. गदारोळ झाला. पण हेच एखाद्या नवख्या राजकारण्याने म्हटलं असतं तर ‘गुन्हेगारी काय कळते याला’ म्हणून उडवून लावलं असतं. निवृत्त डेप्युटी चीफला तसं म्हणणं अवघड, आणि हॉग यांच्या जुन्या वर्दीचा खरा उपयोग इथेच झाला.

मोटर न्यूरॉन आजाराने डिसेंबर 2019 मध्ये ते पदावर असतानाच गेले. कायद्याप्रमाणे पॅनेलने कार्यालयातल्याच एकाला, स्टीव्ह व्हाइट यांना, हंगामी नेमलं. तेही जुने पोलीस, पोलीस फेडरेशनचे (पोलिसांच्या संघटनेचे) माजी अध्यक्ष. नियमित निवडणूक सहा महिन्यांच्या आत असल्याने पोटनिवडणूक झाली नाही, आणि मग कोविडमुळे मे 2020 चं मतदानच एक वर्ष पुढे गेलं. लोकांनी निवडायचं म्हणून निर्माण केलेलं पद डरहममध्ये जवळजवळ दीड वर्ष कोणीही न निवडलेल्या माणसाने सांभाळलं. आता पदच जाणार आहे: मे 2028 ला चालू मुदत संपली की ते रद्द करण्याचं ब्रिटिश सरकारने नोव्हेंबर 2025 मध्ये जाहीर केलं.