येशूला गालीलात परत नेणारा अभ्यासक

ज्यू धर्मपंडित रब्बान गमलिएल यांचा मुलगा तापाने फणफणला होता. त्यांनी दोन शिष्यांना हनीना बेन दोसा यांच्याकडे धाडलं. पहिल्या शतकातले हे गालीलचे, म्हणजे येशूच्याच प्रांतातले साधुपुरुष. हनीना माडीवर गेले, प्रार्थना केली आणि खाली येऊन म्हणाले, ‘जा, ताप उतरला.’ शिष्यांनी वेळ टिपून ठेवली. परतल्यावर कळलं, नेमक्या त्याच घटकेला ताप उतरून मुलाने प्यायला पाणी मागितलं होतं.

ही गोष्ट तालमूद या ज्यू धर्मग्रंथातली. बायबलातल्या योहानाच्या शुभवर्तमानात, म्हणजे येशूच्या चरित्रात, कफर्णहूम गावच्या अंमलदाराचा मुलगाही असाच दुरून बरा होतो आणि तिथेही ताप उतरल्याची वेळ ताडून पाहिली जाते. अशा गोष्टी शेजारी शेजारी ठेवून वाचायला बायबलचे संशोधक गेझा व्हर्मेश यांनी अभ्यासकांच्या एका पिढीला शिकवलं.

त्यांचा जन्म १९२४चा, हंगेरीतल्या माको गावी, ज्यू कुटुंबातला. १९३१मध्ये आईवडिलांनी मुलासह कॅथलिक पंथ स्वीकारला. बाप्तिस्म्याने त्या दोघांना वाचवलं नाही. १९४४च्या ज्यू-संहारात ते गेले. धर्मगुरूपदाचं शिक्षण घेणारा मुलगा तेवढा वाचला.

युद्धानंतर ते बेल्जियममध्ये लूवाँला शिकायला गेले. १९४७मध्ये मृत समुद्राकाठी कुमरानच्या गुहेत प्राचीन ज्यू हस्तलिखितांच्या गुंडाळ्या सापडल्या होत्या. त्यांच्यावरच व्हर्मेश यांनी १९५३मध्ये डॉक्टरेट मिळवली. पॅरिसमध्ये त्यांनी कॅथलिक शिकवणुकीतल्या ज्यूद्वेषाविरुद्ध काम केलं. १९५७मध्ये धर्मगुरूपद सोडलं, इंग्लंड गाठलं आणि पुढे ते आपल्या ज्यू असण्याकडे परतले. न्यूकॅसलनंतर १९६५पासून ऑक्सफर्ड. गुंडाळ्यांचा त्यांचा इंग्रजी अनुवाद १९६२मध्ये आला. मात्र बरीच हस्तलिखितं मूठभर संपादकांनी वर्षानुवर्षं अडवून ठेवली होती. विसाव्या शतकातला हा विद्याक्षेत्रातला सर्वांत मोठा घोटाळा ठरेल, असं व्हर्मेश यांनी १९७७मध्येच सुनावलं. ती हस्तलिखितं सर्वांना खुली व्हायला १९९१ उजाडलं.

त्यांचं मुख्य पुस्तक ‘जीझस द ज्यू’ १९७३चं. येशू ज्यू होता हे त्याआधीही सांगितलं गेलं होतं. व्हर्मेश यांनी तो कोणत्या प्रकारचा ज्यू होता हे विचारलं. त्यांचं उत्तर : हनीनांसारखा, प्रार्थनेने पाऊस पाडणाऱ्या होनी या साधूसारखा, गालीलातला देवमाणूस.

मराठी बायबलात येशू स्वतःला ‘मनुष्याचा पुत्र’ म्हणतो. व्हर्मेश म्हणत, मूळ अरामी बोलीत ‘बर नाशा’ ही पदवी नव्हे. ‘मी’ म्हणणं टाळून स्वतःबद्दल बोलायची ती एक रीत. आपणही म्हणतोच की, ‘माणसाने करायचं तरी काय?’ आणि बोलत असतो स्वतःबद्दलच. मला हा उलगडा फार मोलाचा वाटतो. पण तो सर्वांना पटलेला नाही. शिवाय तालमूद शुभवर्तमानांनंतर काही शतकांनी सिद्ध झाला, मग त्यातल्या गोष्टींवरून येशूचा काळ कसा रंगवायचा? आक्षेप वजनदार आहे आणि हनीनांच्या बाबतीत तर तो टाळताच येत नाही. तरीही येशूला त्याच्या माणसांत, त्याच्या बोलीत बसवून वाचायचं, ही दिशा मला योग्यच वाटते.

मे २०१३मध्ये व्हर्मेश गेले. आदल्याच वर्षी त्यांचं आरंभीच्या ख्रिस्ती धर्मावरचं पुस्तक आलं होतं. गालीलात रोग्यांना बरं करत फिरणारा माणूस इ.स. ३२५च्या निकिया इथल्या ख्रिस्ती धर्माचार्यांच्या परिषदेत ‘पित्याशी एकतत्त्व’ कसा ठरला, याचा माग त्यांनी त्यात काढला आहे, एकेक पिढी, एकेक ग्रंथ धरून.