कल्याण कॅम्प ते उल्हासनगर : युद्धाच्या छावणीत वसलेले शहर

उल्हासनगरात आजही पत्ता सांगताना ‘कॅम्प नंबर चार’ असे म्हटले जाते. हे आकडे दुसऱ्या महायुद्धातले आहेत. ब्रिटिशांनी कल्याणजवळ सैनिकांसाठी मोठी छावणी उभारली आणि लगतच्या नेवाळी परिसरात विमानांच्या धावपट्टीसाठी शेतकऱ्यांच्या जमिनी घेतल्या. युद्ध संपले, पण जमिनी परत मिळाल्या नाहीत, आणि जून २०१७ मध्ये तिथले शेतकरी याच मागणीसाठी रस्त्यावर उतरले. फाळणीनंतर इथे वसलेल्या सिंधी विस्थापितांचा इतिहास सांगताना त्यांच्याआधी जमिनीवरून उठवल्या गेलेल्या या भूमिपुत्रांना वगळणे अन्यायाचे होईल, असे मला वाटते.

फाळणीनंतर रिकाम्या बराकींत सिंधमधून आलेली कुटुंबे उतरू लागली. ६ जानेवारी १९४८ रोजी कराचीत दंगल उसळल्यावर बोटींनी मुंबईला येणाऱ्यांची संख्या एकदम वाढली आणि पाहता पाहता इथली वस्ती लाखाच्या घरात गेली. सैनिकांना ओळीने झोपण्यासाठी बांधलेल्या लांबच लांब बराकीत गोणपाटाचे किंवा जुन्या साड्यांचे पडदे टांगून एकेका कुटुंबाची ‘खोली’ तयार होई. पडद्यापलीकडचे रडणे, खोकणे, भांडण सगळे ऐकू येई. ज्यांची सिंधमधल्या हैदराबादेत, शिकारपुरात स्वतःची घरे होती, त्या घरांतल्या बायका इथे पापड लाटू लागल्या आणि मुले लोकलच्या डब्यांतून किरकोळ माल विकू लागली. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते कोनशिला बसली आणि छावणीला उल्हास नदीवरून नाव मिळाले.

पंजाब आणि बंगाल दुभंगले, तरी त्यांचा एक तुकडा भारतात राहिला. सिंध मात्र अख्खा पलीकडे गेला. मागे राहिलेल्या मालमत्तेचे दावे लावून भरपाई देणारा कायदा १९५४ मध्ये झाला, परंतु भाषेच्या मुलखाची भरपाई कोणत्या तक्त्यात बसणार होती? सिंधीला राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत स्थान मिळायला १९६७ साल उजाडले.

जिनिव्हात २८ जुलै १९५१ रोजी स्वीकारलेला निर्वासितविषयक करार प्रथम १ जानेवारी १९५१ पूर्वीच्या घटनांपुरता होता. ही कालमर्यादा १९६७ च्या प्रोटोकॉलने, म्हणजे पूरक कराराने, काढली. भारताने यांपैकी कशावरही सही केलेली नाही. उल्हासनगरात आलेल्यांना निदान नागरिकत्व मिळाले. संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित संस्थेच्या मोजणीनुसार २०२४ अखेर जगात १२ कोटींहून अधिक माणसे घरांतून उखडलेली होती, आणि त्यांतल्या लाखोंना कोणत्याच देशाचे नागरिकत्व नाही.