आन्सेल्मो दुआर्ते

दुआर्ते, आन्सेल्मो : (२१ एप्रिल १९२०–७ नोव्हेंबर २००९). ब्राझिलियन चित्रपट अभिनेते, पटकथाकार व दिग्दर्शक. फ्रान्समधील कान चित्रपट महोत्सवात ‘पाम द’ऑर’ हा सर्वोच्च सन्मान मिळवणारा एकमेव ब्राझिलियन चित्रपट त्यांचाच.

साओ पाउलो राज्यातील साल्तो या गावी त्यांचा जन्म झाला. लहानपणी गावच्या चित्रपटगृहात पडदा पाण्याने ओला ठेवण्याचे काम त्यांनी केले. अमेरिकन दिग्दर्शक ऑर्सन वेल्स १९४२ साली ब्राझीलमध्ये चित्रीकरणाला आले, तेव्हा पडद्यावरच्या गर्दीतल्या माणसांत दुआर्ते होते. देखणा चेहरा असल्याने १९४७ पासून नायकाच्या भूमिका मिळू लागल्या. रिओच्या ‘अटलांटिडा’ कंपनीच्या कार्निव्हलची गाणी आणि विनोद यांनी भरलेल्या ‘शांशादा’ चित्रपटांनी त्यांना घरोघरी पोहोचवले. समीक्षक या प्रकाराला नाके मुरडत, प्रेक्षक मात्र तिकिटासाठी रांगा लावत. पुढे ‘व्हेरा क्रूझ’ या साओ पाउलोच्या महत्त्वाकांक्षी कंपनीत ते गेले आणि ‘तिको-तिको नो फुबा’ (१९५२) मध्ये संगीतकार झेकिन्या दि आब्रेऊ यांची भूमिका केली. १९५७ साली ‘आब्सोलुतामेंते सेर्तो’ या विनोदी चित्रपटाद्वारे ते दिग्दर्शनात उतरले. टेलिफोन डिरेक्टरी तोंडपाठ असलेला त्यातला नायक दूरचित्रवाणीवरच्या प्रश्नमंजूषेत उतरतो.

त्यांची कीर्ती उभी आहे ती ‘ओ पागादोर दे प्रोमेसास’ (१९६२, अर्थ : नवस फेडणारा) या चित्रपटावर. तो दियास गोमेस यांच्या नाटकावर आधारित आहे. झे नावाच्या शेतकऱ्याचे लाडके गाढव मरायला टेकते. ते वाचले तर खांद्यावर क्रूस घेऊन साल्वादोर शहरातल्या सेंट बार्बराच्या चर्चमध्ये जाईन, असा नवस तो बोलतो. पण बोलतो आफ्रिकी मुळाच्या कांदोंब्ले पंथाच्या स्थानी, जिथे ती संत आणि देवी इयान्सा एकच मानली जाते. गाढव वाचते, झे पायी चर्चच्या पायऱ्यांपर्यंत पोहोचतो आणि पाद्री दार बंद करतो. मग बातमीदार, पोलीस, राजकारणी असा ज्याला त्याला या साध्या माणसाचा उपयोग दिसू लागतो. शेवटी गोळीला बळी पडलेल्या झेला लोक त्याच्याच क्रूसावर ठेवून चर्चमध्ये नेतात. नवस म्हणजे काय हे ज्यांना समजावून सांगावे लागत नाही, त्या मराठी प्रेक्षकाला ही कथा परकी वाटू नये. साल्वादोरच्या उतरणीवरच्या खऱ्या पायऱ्यांवर बराचसा चित्रपट घडतो आणि लिओनार्दो व्हिलार यांचा हट्टी, गोंधळलेला झे त्याला पेलतो.

कानचा ‘पाम द’ऑर’ याच चित्रपटाला मिळाला. त्या वर्षी तिथल्या स्पर्धेत बुन्युएल, ब्रेसाँ, आंतोनिओनी असे नामवंत युरोपीय दिग्दर्शक होते. सत्यजित राय यांचा ‘देवी’ही होता. परीक्षकांत फ्रेंच दिग्दर्शक त्र्युफो होते. पुढे परभाषिक चित्रपटाच्या ऑस्करसाठीही ‘पागादोर’ला नामांकन मिळाले.

मायदेशी मात्र ‘सिनेमा नोव्हो’ (अर्थ : नवा सिनेमा) चळवळीच्या तरुणांनी, विशेषतः दिग्दर्शक ग्लौबेर रोशा यांनी, दुआर्तेंना आपले मानले नाही. जुन्या धाटणीचा, बाजारात घडलेला नट, असा त्यांचा आक्षेप होता. दुआर्तेंनीही हा सल आयुष्यभर बोलून दाखवला. चित्रपटाची मांडणी पारंपरिक आहे हे खरे. पण गर्दी कशी हलवायची, विनोद कुठे पेरायचा हे त्यांना शांशादातूनच साधले होते, ही बाब टीकाकारांनी लक्षात घेतली नाही.

यानंतरचा ‘व्हेरेदा दा साल्व्हासाओं’ (१९६५) धर्मवेडाने पछाडलेल्या शेतमजुरांविषयी होता. तो बर्लिन चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेत गेला, पण पहिले यश परतले नाही. नट म्हणून त्यांची सर्वांत धारदार भूमिका याच काळातली. लुईस सेर्जियो पेर्सोन यांच्या ‘ओ काझो दोस इर्मांओस नाव्हेस’ (१९६७) मध्ये, न केलेल्या खुनाची कबुली दोघा भावांकडून छळ करून घेणारा पोलीस अधिकारी त्यांनी रंगवला. घटना १९३७ सालची, पण ब्राझीलच्या तेव्हाच्या लष्करी राजवटीत ती पाहणाऱ्यांना वेगळे काही सांगण्याची गरज नव्हती.

१९७१ साली ते कानच्या परीक्षक मंडळावर होते. त्या दशकात त्यांनी ‘उम सेर्तो कापितांओ रोद्रिगो’, ‘ओ क्रिमे दो झे बिगोर्ना’ यांसारखे चित्रपट आणि शेवटी शेवटी फुटबॉलपटू पेले यांना घेऊन एक चित्रपट दिग्दर्शित केला. साओ पाउलो येथे त्यांचे निधन झाले.