उरलेल्या रोस्टचं सॅलड: खोकं उघडण्याआधी एवढं वाचा

सणाच्या जेवणासाठी आमच्याकडून अख्खं भाजलेलं चिकन, बदक किंवा टर्की नेणाऱ्यांचा दुसऱ्या दिवशी सकाळी हमखास फोन येतो. पाहुणे गेले, तंगड्या संपल्या, ब्रेस्टचा मोठा तुकडा मात्र तसाच राहिलाय, त्याचं काय करू? आमच्या जुन्या पत्रकात याचं उत्तर एका ओळीत होतं: झाकण ठेवून गरम करा. ते उत्तर आम्ही मागे घेतो आहोत. गरम करण्यापेक्षा ते थंडच ठेवावं आणि त्याचं सॅलड करावं. मात्र सॅलड उद्या होणार असलं तरी त्यातलं निम्मं काम आज रात्रीच उरकावं लागतं, आणि नेमकं तेच राहून जातं.

गरम केल्यावर काय बिघडतं?

उरलेलं चिकन दुसऱ्या दिवशी तापवलं की एक ओळखीचा वास येतो. पुठ्ठ्यासारखा, थोडा खवट. मांस खराब झालेलं नसतं, तरी जेवावंसं वाटत नाही. याला अन्नशास्त्रात ‘वॉर्म्ड-ओव्हर फ्लेवर’ म्हणतात. टिम्स आणि वॉट्स या संशोधकांनी १९५८ मध्ये हे नाव वापरलं. शिजताना मांसातल्या रंगद्रव्यातलं लोह मोकळं होतं आणि त्याच्या संगतीनं चरबीवर हवेतल्या ऑक्सिजनचा परिणाम झपाट्यानं होऊ लागतो. चिकन-टर्कीतल्या चरबीत सहज खवट होणारा भाग बराच असतो, म्हणून त्यांच्यात हा वास लवकर धरतो. टर्कीत तर जास्तच. फ्रिजमध्ये ही क्रिया मंदावते, थांबत नाही. पुन्हा तापवलं की तिला जोर येतो आणि तयार झालेला वासही उसळून नाकात शिरतो. थंड मांसात तो बराचसा दबून राहतो, वर लिंबू, मोहरी, कांदा, ताजी हिरवी पानं आली की उरलासुरला जातो.

ब्रेस्टचं दुखणं आणखी वेगळं. त्यात चरबी अगदी थोडी, एकदा नीट भाजल्यावर जो रस शिल्लक राहतो तोच त्याचा आधार. दुसऱ्यांदा तापवताना तोही निथळून जातो आणि मग पाण्याचा घोट घेतल्याशिवाय घास उतरत नाही.

आज रात्री

भाजलेलं मांस टेबलावर जास्तीत जास्त २ तास. खोलीत ३२ अंशांच्या वर उकाडा असेल तर १ तास. ५ ते ६० अंश सेल्सिअस या पट्ट्यात जिवाणू जोमानं वाढतात, आणि सगळ्यांचे हात लागलेलं मांस गप्पांच्या ओघात तासन्‌तास उघडं राहणं म्हणजे त्यांना आमंत्रणच. “उद्या चांगलं गरम करून घेऊ” हा दिलासाही फसवा आहे. हातांवरून येणाऱ्या स्टॅफिलोकॉकस नावाच्या जिवाणूनं एकदा विष सोडलं की ते उकळूनही जात नाही. तेव्हा घड्याळावर कुणाचं तरी लक्ष असू द्या. वेळ उलटून गेली असेल, तर कितीही जिवावर आलं तरी ते फेकावं.

वेळेत असाल तर मांस हाडावरून त्याच रात्री सोडवा. कोमट असताना ते बोटांनीही सुटतं. गार झालं की सुरी घेऊन खरवडत बसावं लागतं. पोटात सारण भरलं असेल तर ते काढून वेगळ्या डब्यात ठेवा. मांसाचे मोठे तुकडे तसेच राहू द्या, बारीक चिरणं उद्यावर टाका. जितके जास्त काप, तितकी हवा जास्त ठिकाणी लागणार.

गरम पदार्थ फ्रिजमध्ये ठेवू नये, असं आपण ऐकत आलेलो असतो. खोल पातेलं वाफाळतं आत सरकवलं तर ते खरंच चुकीचं आहे, कारण त्याचा मध्य तासन्‌तास गरम राहतो. पण ५ सेंटिमीटरपेक्षा उथळ डब्यात पसरलेलं कोमट मांस खुशाल आत ठेवा. फ्रिज ४ अंशांवर किंवा त्याखाली हवा. असं मांस ३ ते ४ दिवस चालतं. त्यापुढे ठेवायचं असेल तर पहिल्याच दिवशी उणे १८ अंशांवर गोठवा, चौथ्या दिवशी पश्चात्ताप झाल्यावर नको.

खोक्याच्या तळाशी साचलेला रस कृपा करून ओतून देऊ नका. तोही वेळेत गाळून वाटीत झाकून ठेवा. सकाळी वर चरबीचा पांढरा थर आणि खाली थरथरणारी जेली दिसेल. याचा उपयोग पुढे सांगतो.

उद्या सकाळी: कापणं आणि मुरवणं

माणशी १०० ग्रॅम मांस पुरेसं होतं. ब्रेस्टमधले धागे कोणत्या दिशेनं जातात ते आधी पाहा आणि सुरी त्यांना आडवी चालवा. धाग्यांच्या दिशेनं कापलेला लांब काप दातात अडकतो. आडवा कापलेला त्याच मांसाचा तुकडा मऊ लागतो. लेग पीसचं मांस मात्र हातानं मोडलेलं बरं. ते मुळातच ओलसर असतं आणि खडबडीत कडांवर ड्रेसिंग छान धरतं. सगळे तुकडे अगदी एकसारखे चौकोनी करू नका, प्रत्येक घास सारखाच लागतो आणि चार घासांत कंटाळा येतो.

ड्रेसिंगचं नेहमीचं प्रमाण तीन भाग तेलाला एक भाग आंबट. उरलेल्या मांसासाठी आम्ही दोनास एक धरतो. थंड पदार्थाला वास कमी सुटतो आणि चव मंद लागते, म्हणून आंबट-खारट जरा चढंच हवं. ३०० ग्रॅम मांसाला ४ मोठे चमचे तेल, २ मोठे चमचे लिंबाचा रस किंवा व्हिनेगर, १ छोटा चमचा मोहरीची पेस्ट, मीठ आणि भरड मिरपूड. मोहरीमुळे तेल आणि रस एकजीव राहतात. आता ती जेली: वरची चरबी काढून टाका आणि जेलीचा एक मोठा चमचा किंचित कोमट करा. ती लगेच पातळ होते. ड्रेसिंगमध्ये फेटून टाका. भाजण्याचा सगळा खमंगपणा तिच्यात उतरलेला असतो, बाटलीतल्या कुठल्याही ड्रेसिंगमध्ये तो मिळणार नाही. रस आधीच खारट असतो, तेव्हा मीठ शेवटी चाखूनच घाला.

हे निम्मं ड्रेसिंग फक्त मांसाला चोळा आणि झाकून अर्धा तास फ्रिजमध्ये मुरू द्या. घाईच्या दिवशीसुद्धा ही पायरी आम्ही गाळत नाही. कोरडं पडलेलं ब्रेस्ट यानंच सुधारतं. दाटसर सॅलड आवडत असेल तर तेलाऐवजी पाणी निथळलेलं घट्ट दही घ्या, त्यात दोन चमचे मेयोनीज. नुसतं मेयोनीज जड होतं, असं आमचं मत. ज्यांना तेच आवडतं त्यांच्याशी वाद नाही.

हिरवा भाग

सॅलड पाणचट होण्याला बहुतेक वेळा ओली पानंच कारणीभूत असतात. पान ओलं असलं की तेल त्यावरून घसरतं आणि सगळं ड्रेसिंग तळाशी जमतं. धुतलेली पानं स्वच्छ कापडात गुंडाळून कोरडी करा. काकडीला मीठ लावून १५ मिनिटं ठेवा, सुटलेलं पाणी पिळून टाका. नाहीतर हेच पाणी ती ताटात सोडते. कच्चा कांदा पातळ चिरून १० मिनिटं गार पाण्यात ठेवला की त्याचा उग्रपणा उतरतो.

करकरीत काहीतरी हवंच: सेलरी, कोबी, मुळा, भाजलेले अक्रोड किंवा बदाम. फळांमध्ये सफरचंद, द्राक्षं, संत्र्याच्या फोडी उत्तम. सफरचंद चिरल्या चिरल्या लिंबाच्या रसात घोळवा, काळं पडणार नाही. ताजा अननस, कच्ची पपई आणि किवी यांच्यापासून जपून. त्यांच्यातली विकरं (एन्झाइम) प्रथिनं तोडतात, त्यामुळे मांसात आधीपासून मिसळून ठेवली तर तासाभरात ते पिठूळ लागायला लागतं. घालायचीच असतील तर वाढताना वरून. डबाबंद अननस चालतो, कारण तो तापवलेला असतो आणि ती विकरं निकामी झालेली असतात.

स्किन सॅलडमध्ये तशीच टाकू नका. थंड स्किन रबरासारखी लागते आणि तिची चरबी टाळूला मेणासारखी चिकटते. ती पट्ट्यांमध्ये कापून कोरड्या तव्यावर मंद आचेवर ठेवा. स्वतःच्या चरबीतच ती कुरकुरीत होते. शेवटी वरून चुरडा. आमच्या स्वयंपाकघरात हा चुरा सॅलडपर्यंत पोचतोच असं नाही.

पानं आणि उरलेलं ड्रेसिंग वाढण्याच्या क्षणी मिसळा. मांस पाच-दहा मिनिटं आधी बाहेर काढलं तर चव खुलते, त्याहून जास्त वेळ नको.

कुणी खाऊ नये

फ्रिजच्या थंडाव्यातही वाढणारा लिस्टेरिया नावाचा जिवाणू असतो. गरोदर बायका, वयस्कर मंडळी आणि ज्यांची प्रतिकारशक्ती आजारामुळे किंवा औषधांमुळे कमी झाली आहे त्यांनी उरलेलं मांस थंड खाऊ नये. त्यांच्या वाट्याचं मांस आतपर्यंत ७४ अंशांवर वाफाळतं गरम करा आणि कोमट सॅलड म्हणून लगेच वाढा. गरम करू नका असं वर एवढं सांगितलं, त्याला हा एकच अपवाद, आणि तो पाळाच. त्यांच्यासाठी चव थोडी कमी झाली तरी चालेल.

मांस बुळबुळीत लागलं किंवा आंबूस वास आला तर चाखूनही पाहू नका. उलट वास ठीक आहे म्हणजे मांस ठीक आहे, असंही नाही. म्हणून डब्यावर तारीख लिहा.

मिसळलेलं सॅलड त्याच दिवशी संपवावं. ड्रेसिंगमध्ये मुरलेलं नुसतं मांस, पानांशिवाय, दुसऱ्या दिवशीही छान लागतं, फक्त ३-४ दिवसांची मोजणी भाजल्या दिवसापासूनच करायची. तयार सॅलड गोठवू नका. मेयोनीज फुटतं आणि पानांचा चोथा होतो. हाडं उरली असतील तर ती गोठवून ठेवता येतात. पुढच्या सुट्टीच्या दिवशी पाण्यात कांदा-गाजर घालून दोन-तीन तास मंद उकळली की सूपचा रस तयार.